जिन्याचा दोष नव्हता

रोज संध्याकाळी देवापुढे दिवा लावला की मी वहीत चार ओळी लिहिते. बहुतेक दिवशी त्यात दूध नासलं, नळ गळतोय, आज जपात मन लागलं नाही, असलंच काहीबाही असतं. आमच्या धाकटीचं मात्र चार ओळींत भागेना, म्हणून हे सलग लिहायला घेतलं.

धाकटी म्हणजे माझी जाऊ, धाकट्या दिरांची बायको. आता तिच्या केसांत माझ्याइतकीच चांदी आहे, तरी घरात ती धाकटीच राहिली. एका मोठ्या रुग्णालयाच्या तळघरात रेकॉर्ड विभाग आहे, तिथे ती कोडिंग करते. हे काम नक्की काय, ते आमच्या घरात कुणालाच धड सांगता येत नाही. आमचे हे पाहुण्यांना सांगतात, ती दवाखान्यात कॉम्प्युटरवर असते. समोरची बाई तिला नर्स समजून अजून रक्तदाब मोजायला हात पुढे करते, आणि धाकटीही आताशा तिला नाही म्हणत नाही, नुसती नाडी धरून गंभीर चेहरा करते आणि मीठ कमी खा म्हणून सांगते.

मला तिनं एकदा शेंगा सोलता सोलता समजावलं होतं. डॉक्टर रोग्याच्या फाइलीत जे लिहितात ते वाचायचं आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक जखमेला ठरलेला कोड लावायचा. नडगीचं हाड मोडलं एवढंच लिहून चालत नाही. पडल्यामुळे मोडलं, की आधीच्या आजारानं आतून पोखरलं होतं म्हणून मोडलं, हे पाहावं लागतं. दोन्हींची घराणी वेगळी. बरं, हाड जुळलं म्हणून संपलं असंही नाही. जुळल्यावर मागे जे उरतं, लंगडणं, आखडलेला घोटा, आखूड झालेला पाय, त्यालाही कोड असतो. आज माणसाला काय होतंय ते आधी लिहायचं, आणि ते कशाच्या मागे उरलं ते त्याच्या खाली. मी म्हटलं, म्हणजे तुम्ही दुखण्याची वंशावळ लिहिता. ती खूष झाली. म्हणाली, ‘ताई, आमच्या मॅडमना हे इतकं सोपं करून सांगता येत नाही.’

या कामानं तिला एक खोड लागली. कुणी काही तक्रार केली की ती पहिला प्रश्न विचारते, आधी काय झालं? मुलं भांडत आली, आधी काय झालं? कुकरची शिट्टी होत नाही, आधी काय झालं? दीर वैतागून म्हणतात, हिच्याशी लग्न केलं तेव्हा आधी काय झालं होतं तेच मी आठवत बसलोय.

तिला सांध्यांचं दुखणं लग्नाआधीपासूनचं. त्यासाठी ती वर्षानुवर्षं गोळ्या घेत आली. गोळ्यांनी सांधे थंड राहिले, पण हाडं आतल्या आत ठिसूळ होत गेली, हे कुणाच्या लक्षात आलं नाही. अपघाताच्या आधी, म्हणजे आम्ही तेव्हा ज्याला अपघात म्हणत होतो त्याच्या आधी, बरेच दिवस तिची डावी नडगी ठणकत होती. रात्री मी तिला मलम चोळून द्यायची. एका ठिकाणी बोट लागलं की ती पाय ओढून घ्यायची. आम्ही म्हटलं, बसून बसून शीर धरली असेल.

आणि मग एका सकाळी ती रुग्णालयाच्या जिन्यात पडली.

नडगी मोडली. ऑपरेशन झालं, हाडात सळई घातली. जुळायला फार वेळ लागला आणि जुळलं ते जरा वाकडंच. पाय आखूड झाला. आधी वॉकर, मग काठी. या सगळ्या काळात तिची ऑफिसातली मंडळी भेटायला येत, फळं आणत. तिच्या शेजारच्या टेबलावर एक मैत्रीण बसते. तिची टकळी दिवसभर चालू असते म्हणून तिला तिथे सगळे टिटवी म्हणतात. ती तर दर आठवड्याला यायची. जगातल्या सगळ्या गोष्टी सांगायची. एक सोडून.

ती एक गोष्ट धाकटीला कामावर परत गेल्या दिवशी कळली. जिन्यात फरशी पुसायला कुणी नवीनच मुलगी होती. धाकटीनं सहज विचारलं, आपल्या मावशी कुठे गेल्या? मुलगी म्हणाली, त्यांना काढलं ना, ऑफिसातल्या एक बाई त्यांच्या ओल्या जिन्यावरून पडल्या, त्यानंतर.

त्या दिवशी ती घरी आली ती काठी कोपऱ्यात उभी न करता तशीच हातात धरून खुर्चीवर बसली. मी पाणी दिलं, ते घेतलं नाही. दीर आले, आमचे हे आले. मग ती बोलली.

‘मी घसरले नव्हते.’

आम्ही सगळे आजवर घसरलीच म्हणत आलो होतो आणि तिनंही ते कधी खोडून काढलं नव्हतं. तिनं सांगितलं ते असं. जिना कोरडा होता. ती खालून वर चालली होती, हातात फायली. पायरीवर डावा पाय ठेवला, त्याच्यावर भार दिला आणि आतून आवाज आला, वाळकी काटकी मोडावी तसा. कळ आली ती तेव्हाच, पडायच्या आधी. पाय खालून निघून गेला आणि मग ती पडली. मावशी दोन मजले वर पुसत होत्या. आवाज ऐकून त्या धावत खाली आल्या, घाईत त्यांच्या पायानं बादली कलंडली आणि पाणी पायऱ्यांवरून वाहत खाली आलं. ‘मी आडवी पडले होते, तेव्हा माझ्या पाठीला गार लागलं. पाणी नंतर आलं. आणि त्या बाईनं माझं डोकं मांडीवर घेतलं होतं, स्ट्रेचर येईपर्यंत.’

लोक जमले तेव्हा त्यांना पाणी दिसलं, बादली दिसली आणि खाली पडलेली बाई दिसली. अपघात विभागात कुणीतरी लिहून टाकलं, ओल्या जिन्यावरून घसरून पडली. तिला विचारायला, तोवर ती शुद्धीत कुठे राहिली होती. पुढे हाडांच्या तपासणीत सगळी हाडं विरलेल्या कापडासारखी निघाली, हाडांच्या डॉक्टरांनी तसं लिहिलंही, पण आतल्या कुठल्याशा पानावर. पहिल्या पानावर घसरणंच राहिलं.

दिरांचं म्हणणं, झालं ते वाईट झालं, पण आता त्याला किती महिने लोटले. मावशींना दुसरीकडे काम मिळालंही असेल. धाकटी म्हणाली, मिळालंही असेल आणि नसेलही, पण त्या जिथे काम मागायला जातात तिथे हीच बाई ती, जिच्यामुळे एकीचा पाय गेला, असं पाठोपाठ येत असेल. दीर मग मुद्द्यावर आले. तिची नेमणूक कराराची, दरवर्षी नव्यानं होते. कामावर असताना अपघात झाला म्हटलं की तिला हात लावत नाहीत. आजारानं हाडं ठिसूळ झालीत म्हटलं की बोर्डासमोर बोलावतात, ही बाई कामाला लायक आहे का ते बघायला. हे तिलाही माहीत होतं, टिटवीलाही माहीत होतं. कुणाही कोडरला स्वतःची किंवा नात्यातल्याची फाइल हाताळता येत नाही, असा त्यांच्याकडे कडक नियम आहे. म्हणून धाकटीची फाइल टिटवीकडे गेली होती, आणि टिटवीनं आतलं पान वाचूनसुद्धा पडल्याच्याच घराण्यातला कोड लावला होता. पुढे लंगडणं मागे उरलं, तेही पडण्याच्याच नावावर घातलं. मैत्रिणीचं भलं व्हावं म्हणून.

‘आपण होऊन आपल्याच पायावर धोंडा का पाडून घेतेस?’ दीर म्हणाले.

‘पाय आधीच मोडलाय,’ धाकटी म्हणाली. ‘आता पडला तर धोंड्याचंच नुकसान.’

आमचे हे हसले आणि दिरांनी त्यांच्याकडे असं पाहिलं की ते उठून पाणी प्यायला गेले.

मलाही दिरांचं पटत होतं, खोटं कशाला लिहू. घरात तिच्या पगाराचा आधार आहे. रात्री भांडी आवरताना मी तिला म्हटलं, तू तर काही खोटं बोलली नाहीस, दुसऱ्यांनी लिहिलं. देव तुला जाब विचारणार नाही. ती भांडं पुसत होती. म्हणाली, ‘ताई, तुमच्या देवाचं मला माहीत नाही. पण उद्या त्याच जिन्यानं मला वर जायचंय.’ मला तिचा रागच आला. देवाला मध्ये आणलं तर माणसानं जरा तरी नरमावं. ही ढिम्म.

पुढच्या आठवड्यात तिनं हाडांच्या डॉक्टरांची वेळ घेतली, रोगी म्हणून. पिशवी धरायला म्हणून मी बरोबर गेले. जाताना ती मला बजावत होती की आत गेल्यावर मी काही सुचवायचं नाही. त्यांच्या कामात असं आहे की डॉक्टरांचं लिहिणं अर्धवट वाटलं तर त्यांना प्रश्न विचारता येतो, पण त्यांच्या तोंडात उत्तर घालायचं नाही. मी म्हटलं, अगं तू आज रोगी आहेस, कोडर नाहीस. ती म्हणाली, तरीपण.

डॉक्टर तसे भले गृहस्थ. तिनं जिन्यातलं सगळं जसं झालं तसं सांगितलं. काटकीसारखा आवाज, मग पडणं, मग पाणी. आणि विचारलं, हाड कशानं मोडलं असं तुमचं मत आहे? मग हात मांडीवर ठेवून बसून राहिली. डॉक्टरांनी जुने फोटो दिव्यासमोर धरले. बराच वेळ पाहिले. मला सांगावंसं फार वाटत होतं की डॉक्टर, मी स्वतः मलम चोळलंय त्या नडगीला. मी ओठ मिटून धरले. शेवटी त्यांनीच विचारलं, आधी दुखत होतं का? तेव्हा मी इतकी भडाभडा बोलले की धाकटीनं माझा पदर ओढला.

ते म्हणाले, ‘बाई, हे मी पहिल्या पानावर लिहिलं तर तुमच्या नोकरीचा प्रश्न येईल. तुम्हाला नक्की काय लिहून हवंय?’

‘मला हवंय ते नको,’ ती म्हणाली. ‘तुम्हाला दिसतंय ते लिहा.’

त्यांनी लिहिलं. दीर्घकाळच्या औषधांनी हाडं ठिसूळ, त्यामुळे नडगीचं हाड मोडलं, पडणं त्यानंतरचं. आता जे लंगडणं आणि जो आखूड पाय आहे, तो त्या मोडण्यामागे उरलेला. खाली सही, तारीख. बाहेर आल्यावर धाकटी म्हणाली, बघा, चार ओळींचं तर काम होतं.

ते काम चार ओळींचं नव्हतं हे दुसऱ्या दिवशी तळघरात कळलं. तिथलं मी पाहिलेलं नाही, धाकटीनं सांगितलं आणि पुढे टिटवीनंही सांगितलं, आणि दोघींचं जुळलं. ती खोली लांबट आहे, खिडकी नाही, भिंतीला फायलींच्या मांडण्या आणि मध्ये टेबलांची रांग. डॉक्टरांचं पान आलं आणि टिटवीपुढे ठेवलं गेलं. टिटवी रडकुंडीला आली. म्हणाली, तुझ्यासाठी केलं ग मी, आणि तू माझीच चूक काढतेस? धाकटी म्हणाली, तुझा जीव आहे माझ्यावर ते मला ठाऊक आहे, पण तो तू दुसरीच्या पोटावर पाय देऊन दाखवलास. यावर टिटवी, जिला बोलायला कधी श्वास घ्यावा लागत नाही, रुमाल शोधायला लागली.

मग त्यांच्या मॅडम आल्या. फाइल बंद झालीय, आता कशाला उकरता, असं त्यांचं म्हणणं. शिवाय एकदा बदललं की विभागाच्या तपासणीत चूक म्हणून दिसणार. तुम्ही जुन्या आहात, तुम्हाला समजायला पाहिजे. सगळ्या टेबलांवरची बोटं थांबली होती. धाकटी उभी राहिली. काठी न घेता, टेबलाला धरून.

‘मॅडम, मी पडले म्हणून हाड मोडलं नाही. हाड मोडलं म्हणून मी पडले. लोकांच्या बाबतीत हा फरक केला नाही तर तुम्ही आमच्या फायली परत पाठवता. माझ्या बाबतीत का चालेल?’

मॅडम म्हणाल्या की यानं तुमचंच नाव बोर्डाकडे जाईल.

‘जाऊ दे. त्या बाईचं नाव तर कुणाला न विचारताच गेलं.’

मॅडम आपल्या केबिनमध्ये निघून गेल्या. थोड्या वेळानं टिटवीनं नाक पुसलं, फाइल उघडली आणि जुने कोड काढून नवे लावले. आधी लंगडणं, त्याच्या खाली आजारानं मोडलेल्या नडगीचं मागे उरलेलं. मग ते धाकटीला दाखवायला वळली. धाकटीनं तोंड फिरवून घेतलं. स्वतःची फाइल पाहायची नाही, नियम आहे. टिटवी मला सांगताना म्हणाली, त्या वेळी तिला चापट मारावीशी वाटली मला.

कोड बदलले तरी मावशींना परत बोलावणं आपोआप होणार नव्हतं. सफाईचं काम कंत्राटावर, त्यांचा मुकादम वेगळा. तेव्हा डॉक्टरांच्या पानाची नक्कल घेऊन आधी मावशींना गाठायचं ठरलं. पत्ता त्या नव्या मुलीनं दिला. अरुंद गल्ली, दोन्ही बाजूंनी वाळत घातलेले कपडे, आणि शेवटी एक जिना, लोखंडी, उभा. धाकटीनं वर पाहिलं आणि म्हणाली, घ्या, इथेही जिना. मी म्हटलं, मी वर जाते, त्यांना खाली बोलावते. ती ऐकेल तर ना. एकेक पायरी, आधी धड पाय, मग काठी, मग दुसरा.

मला वाटलं होतं मावशी डोळ्यांत पाणी आणतील, निदान बसा तरी म्हणतील. त्या दारातच उभ्या राहिल्या. सुकलेली, ताठ बाई. धाकटीनं सगळं सांगितलं. मला आधी कळलंच नाही, हेही सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं.

‘जिना कोरडा होता हे मी त्याच दिवशी सांगितलं होतं,’ त्या म्हणाल्या. ‘मुकादमाला सांगितलं, तुमच्या साहेबांना सांगितलं. तेव्हा कुणी ऐकलं नाही. आता कागद बोलला म्हणून ऐकतील होय?’

धाकटी म्हणाली, ‘ऐकायला लावू.’

‘तुम्ही लावाल. तुमच्याकडे कागद आहे.’

धाकटी म्हणाली, खरं आहे. मग मावशींनी तिच्या पायाकडे पाहिलं, दारातून बाजूला झाल्या आणि आतून स्टूल आणून ठेवलं. सध्या त्या दोन घरी पोळ्या लाटायला जात होत्या. फरशीचं काम कुणी देत नव्हतं. एका ठिकाणी तर त्यांना विचारलं होतं, दवाखान्यात बाईला पाडलं ती तूच ना? हे सांगताना त्यांचा आवाज मुळीच हलला नाही. मला वाटतं तो आधीच पुष्कळ हलून झाला असावा.

मुकादमाचं ऑफिस रुग्णालयाच्या मागच्या अंगाला आहे. एक टेबल, बादल्यांची चळत, फिनाइलचा वास. आम्ही तिघी गेलो. मुकादमानं डॉक्टरांचं पान वाचलं, दोनदा वाचलं, आणि बराच उदार चेहरा करून म्हणाला, ठीक आहे, झालं गेलं विसरू, मावशींना आम्ही माफ करतो, सोमवारपासून मागच्या इमारतीत येऊ देत. मी मनातल्या मनात देवाचे आभार मानले. माझ्या मते सगळं मिटलं होतं.

मावशी म्हणाल्या, ‘माफी कशाची?’

मुकादम म्हणाला, अहो, कामावर घेतोय ना.

‘कामावर घ्या. पण माफ केलं म्हणू नका. माझी चूक नव्हती असं लिहा. आणि मागच्या इमारतीत नको, माझा जिना मला द्या.’

मुकादम धाकटीकडे वळला. शिकलेली बाई, समजावेल अशा आशेनं. धाकटी त्याच्यासमोरच्या खुर्चीवर बसली, पाय लांब केला, आणि म्हणाली, त्या सांगतायत तसं लिहा, आम्हाला घाई नाही. मी पाहिलं तर मावशी भिंतीला टेकून उभ्या राहिल्या होत्या. त्यांनाही घाई नव्हती. एवढ्या वेळात एक फोन वाजला, कुणी साबण मागायला आलं आणि गेलं, मुकादमानं दोनदा पेन उचललं आणि ठेवलं. तो म्हणाला, असं लिहायची आमच्याकडे पद्धत नाही. धाकटी म्हणाली, न विचारता काढायची पद्धत आहे, मग लिहायचीही पाडा.

शेवटी त्यानं लिहिलं. तिच्या कामात चूक आढळली नाही, म्हणून पूर्वीच्या जागी परत. शिक्का मारला. मावशींनी तो कागद धाकटीला दिला, म्हणाल्या, वाचून दाखवा, एक शब्दही गाळू नका. धाकटीनं वाचला. मावशींनी घडी करून तो कमरेला खोचला. कुणी कुणाचे आभार मानले नाहीत.

बाहेर पडल्यावर मावशी दोन पावलं चालून थांबल्या. येताना आमच्या दोघींच्या बोलण्यात त्यांनी बोर्डाचं ऐकलं होतं. त्यांनी विचारलं, ‘आता तुमचं काय?’

‘पुढच्या महिन्यात बोलावलंय बोर्डासमोर.’

‘आणि काढलं तर?’

‘काढतानाही कारण लिहावं लागेल त्यांना,’ धाकटी म्हणाली. ‘ते मी वाचणार आहे.’

मावशी पहिल्यांदा हसल्या, तेही पुरतं नाही. म्हणाल्या, सोमवारी तुमच्या तळघराचा जिना मी सकाळीच उरकून घेईन, तुम्ही याल तेव्हा वाळलेला असेल. धाकटी म्हणाली, तुमच्या वेळेला पुसा, मला लिफ्टही चालते, उगीच माझ्यासाठी वेळ बदलू नका. मावशी म्हणाल्या, तुमच्यासाठी कोण बदलतंय. आणि झपझप गल्लीच्या दिशेला गेल्या.

घरी येताना मी धाकटीला म्हटलं, निदान बोर्डासमोर तरी जरा गोड बोल. ती म्हणाली, बघते. तिचं बघते म्हणजे नाही, हे मी इतक्या वर्षांत ओळखलं आहे. बोर्डाची तारीख अजून उजाडायची आहे. दीर रोज विचारतात, काही कळलं का, आणि ती रोज काठी उचलून कामाला जाते. मी देवाजवळ तिची नोकरी मागते. तिचा हट्ट कमी कर असं मात्र मागायचं सोडून दिलं आहे.